भेटीचं रडणं

११ फेब्रुवारी १९७४, सोमवार

आज संताप झाला. शाळा भरवली आणि अर्ध्या तासात सोडून द्यावी लागली, कारण मुंबईची शूटिंगवाली मंडळी जीप घेऊन तांड्यात आली. पंचायत समितीचं पत्र मला आधीच मिळालं होतं. 'डोंगराळ मुलखाचे भूदृश्य व लोकजीवन यावर दहा मिनिटांचा माहितीपट तयार होत असून शिक्षक श्री. दौलतराव पुंजाजी पडघान यांनी स्थानिक मार्गदर्शक म्हणून सहकार्य करावे.' मार्गदर्शक! ते पत्र मी रिठदला जाऊन आईबाबांना दोनदा वाचून दाखवलं होतं. मला या बंजारा तांड्यावर रुजू होऊन पुरते दोन महिने झाले नाहीत, पण मेडशीच्या पलीकडच्या या टेकड्यांत शिकलेला माणूस मी एकटाच, तेव्हा मार्गदर्शन दुसरं कोण करणार?

पण मार्ग विचारायला ते आलेच नव्हते. कर्णिक म्हणून दिग्दर्शक आहेत. जीपमधून उतरले, टेकडीकडे पाहिलं आणि कॅमेरेवाल्याला म्हणाले, "वा! नुसता दगड आहे!" जणू आम्ही दगडाला तिकीट लावलं होतं. तांड्याचे प्रमुख हरिसिंग नायक यांच्या ओट्यावर रेडिओ वाजत होता, तो आत ठेवायला लावला. सरकारी हातपंप दिसेल म्हणून कॅमेरा फिरवून घेतला. नायकांची मुलगी झमकी पाणी घेऊन येत होती, तिला म्हणाले, "चप्पल काढ बाई." मुरमाच्या वाटेवर तिला तीनदा अनवाणी चालवलं.

मी म्हटलं, "साहेब, या वाटेनं इथं कुणी अनवाणी जात नाही."

"गुरुजी, मुलूख खडतर आहे हे प्रेक्षकांना कळायला हवं."

अहो, खडतर आहे म्हणूनच तर चप्पल घेतली ना तिनं!

हे मी बोललो नाही. इथे लिहितो आहे.

१२ फेब्रुवारी

डोकं तापलेलंच आहे. दिवसभर म्हाताऱ्या हेमला बाबांना एका खडकावर बसवून ठेवलं. "आकाशाकडे पाहा बाबा, पावसाची वाट पाहा." बाबा म्हणाले, "फागुनही लागला नाही अजून, आतापासून कायची वाट पाहू?" सगळे हसले, ते चित्रात घेतलं नाही.

मला हे नवीन नाही. परवाच्या दुष्काळात आई रिठदजवळ खडी फोडायच्या कामावर होती. एक वार्ताहर आला, फोटो काढून गेला. पेपरात फोटोखाली छापलं, 'असहाय भूमिहीन माता'. त्या दिवशी आई तीस बायांची मुकादम झाली होती हो! फोटोत ती चक्क हसते आहे. तो कागद घरच्या ट्रंकेत आहे. माझे बाबा तेव्हा म्हणाले होते, "आपल्याबद्दल दुसऱ्यानं लिवलं का असंच होते, दौलत. लिवाचं तं ज्याचं त्यानं लिवा लागते."

मी मास्तर झालो तो हे ऐकून.

१३ फेब्रुवारी, बुधवार

आज मात्र दिवस सार्थकी लागला. सकाळी कर्णिक म्हणाले, "गुरुजी, तुमचं अक्षर छान आहे. प्रत्येक दृश्याखाली एक-दोन ओळी लिहून द्या. निवेदनाला उपयोग होईल." म्हणजे चित्रपटाचे शब्द माझे! मी शाळेतला फुलस्केप कागद काढला आणि लिहीत सुटलो. शाळेवर लिहिलं, कपाशीवर लिहिलं, हातपंपावर तर दोन ओळी जास्तच लिहिल्या. दाखवला नाहीत ना, निदान ऐका.

दुपारी चारच्या सुमारास एक विलक्षण गोष्ट घडली. एसटीच्या फाट्याकडून एक बाई डोक्यावर गाठोडं घेऊन आली. नायकांची बायको रामीबाई अंगणात होती. दोघींनी एकमेकींना पाहिलं, बाईनं गाठोडं टाकलं, आणि दोघी गळ्यात गळा घालून रडायला लागल्या. साधं रडणं नव्हे, सुरात, एकीनं ओळ टाकायची, दुसरीनं उचलायची. काचेच्या भिंगांच्या ओढण्या थरथरत होत्या. शेजारच्या बायाही डोळे पुसू लागल्या. त्यांच्या बोलीतला शब्द मला कळला नाही, पण रडणं कळायला भाषा कशाला लागते? माझ्या अंगावर काटा आला. मीच धावत जाऊन कॅमेरेवाल्याला म्हणालो, "घ्या, हे घ्या! ही नाटकं नाहीत, हे खरं आहे!"

त्यांनी घेतलं, आवाजही टेपवर घेतला.

तिथंच उभ्याउभ्या मी वाक्य लिहिलं. असं वाक्य रोज सुचत नाही म्हणून इथेही उतरवून ठेवतो: 'इथल्या चुली थंड आहेत, म्हणून इथं बहीण बहिणीच्या गळ्यात पडते, ती भुकेचं रडणं रडायला.'

नंतर रामीबाईंनी विचारलं, "मास्तर, कायचं लिवून राह्यले?"

"तुमचं दुःख लिहितोय, बाई."

"माह्यं दुख?" त्या एवढ्या मोठ्यानं हसल्या की ती पाहुणीही हसायला लागली. काहीतरी सांगत होत्या, "मास्तर, ते तं आमचं..." पण मी हात जोडून म्हटलं, बाई, काही सांगू नका, मला समजलं. किती सोशिक लोक आहेत! दुःखावर हसून पांघरूण घालतात.

ती पाहुणी म्हणजे त्यांची मोठी बहीण रुपाबाई, जऊळक्याकडे दिलेली, तीन वर्षांनी आली. रात्री नायकांकडून मला वाटीभर मटण आणि भाकरी आली. घरात नसताना दुसऱ्याला घालतात. घास घशाखाली उतरत नव्हता. वाटी मात्र संपवली.

१४ फेब्रुवारी

गेले. जाताना कर्णिकांनी माझा कागद वाचला. शाळेवर काट, कपाशीवर काट, हातपंपावर आडवी काट! आठ ओळींतली एकच ठेवली, रडण्याची. म्हणाले, "ही एक फार जोरकस आहे." कागद घडी करून खिशात घातला. माझं नाव येणार का विचारायचं होतं, पण जीप सुटली होती.

१९ मे १९७४

रुपाबाई तेव्हा उगाच आली नव्हती. झमकीसाठी स्थळ घेऊन आली होती. मुलगा मोहनसिंग, जऊळका स्टेशनावर रेल्वेच्या गँगमध्ये रुळांच्या कामावर आहे, पगारी. वडील गोविंदसिंगही त्याच गँगमध्ये, मान्यवर माणूस. आज गूळ वाटला. यांच्यात गूळ तोंडात गेला की सोयरीक पक्की. लग्न पुढच्या फाल्गुनात. झमकीनं मला गूळ आणून दिला आणि हळूच विचारलं, "मास्तर, रेल्वेच्या कॉटरात बत्ती असते?" मी म्हटलं असते. खात्री नव्हती.

९ डिसेंबर १९७४, सोमवार

मेडशीला टुरिंग टॉकीजचा तंबू लागला आहे. मुख्य खेळाआधी सरकारी माहितीपट दाखवतात, आणि तो आपलाच आहे असं एसटीच्या कंडक्टरनं सांगितलं. मी तांड्यातली पंधरा माणसं घेऊन गेलो. पुरुष दोरीच्या अलीकडे, बाया पलीकडे. पाहुणे म्हणून गोविंदसिंगही आले होते.

दगड आला. अनवाणी झमकी आली. आकाशाकडे पाहणारे हेमला बाबा आले. मग रामीबाई आणि रुपाबाई आल्या, तंबू भरून ते रडणं घुमलं, आणि वर एक भारदस्त आवाज म्हणाला: 'इथल्या चुली थंड आहेत...' पूर्ण वाक्य! एक शब्द बदलला नाही! मी शेजारच्या माणसाला कोपरानं ढोसलं, "हे माझं."

पुढच्या बाकावरचा कुणी पोरगा ओरडला, "अरे, भाकर द्या रे त्याईले!" तंबू हसला.

परतताना तीन मैल कुणी माझ्याशी बोललं नाही. दमले असतील. पण एका माणसानं तरी, वाक्य छान होतं मास्तर, एवढं म्हणायला काय हरकत होती?

१० डिसेंबर

रामीबाई सकाळी शाळेच्या दारात उभ्या. आत आल्या नाहीत.

"मास्तर, कोनं सांगतलं का मी भुकेनं रडून राह्यली व्हती?"

मी खडू खाली ठेवला.

"माही बहीन आली व्हती. तीन वर्सानं. पाव्हनी आली का आमी रडतो. गळा धरून रडा लागते. नाही रडलं तं तिले वाटन का इले माही सय नाही आली. जितकं रडनं मोठं तितकी माया मोठी. ते भेटीचं रडनं व्हय, मास्तर. त्या दिवशी तं मी बकरं कापलं."

मटणाची वाटी आठवली. हे लिहिताना कान गरम झाले आहेत.

मग त्यांनी खरं काय झालं ते सांगितलं. तंबूतूनच गोविंदसिंग रागानं उठून गेले. त्यांना रडणं कसलं ते अर्थात पहिल्या सुरातच कळलं, आणि म्हणूनच संताप आला. त्यांचं म्हणणं, हरिसिंगाच्या बायकोनं पाहुणीच्या गळ्यातलं रडणं मुंबईवाल्यांसमोर भुकेच्या नावानं मांडलं. अशा घरची पोर नको.

"गूळ खाल्ला तरी?" मी विचारलं.

"गूळ वापस कसा करतीन? म्हून ते पंचायत बसवून राह्यले."

दाराबाहेर झमकी पाटीपेन्सिल घेऊन आलेल्या पोरांना रांगेत बसवत होती. तिनं माझ्याकडे पाहिलं नाही.

१४ डिसेंबर

सगळा राग आज कागदावर काढला. कर्णिकांना रजिस्टर्ड पत्र टाकलं. चार पानं. लिहिलं की, आपण आमच्या माणसांना अनवाणी चालवलंत, आमचा रेडिओ लपवलात, आणि वर दोन बहिणींच्या भेटीला भुकेचं रडणं म्हटलंत. माझ्या लिखाणाचा विपर्यास केलात. मी 'बहिणी भेटतात तेव्हाही रडतात' अशा अर्थाचं लिहिलं होतं, ते आपण मोडून तोडून वापरलंत. एका मुलीचं लग्न आपल्यामुळे मोडतं आहे. ताबडतोब दुरुस्ती करा, अन्यथा वर तक्रार करीन.

पत्र टाकल्यावर मोकळं वाटलं. नायकांना सांगितलं की मुंबईवाल्यांना चांगलं खडसावलं आहे. ते म्हणाले, "बरं केलं मास्तर." भला माणूस.

ही वही समोरच होती. मागची पानं उलटायची गरज वाटली नाही.

४ जानेवारी १९७५, शनिवार

उत्तर आलं, टाईप केलेलं, सात ओळींचं.

'आपले पत्र पोचले. मूळ टिपण आपल्या माहितीसाठी सोबत जोडले आहे. सदर वाक्य आपल्याच हस्ताक्षरात असून जसेच्या तसे घेतले आहे. त्या दृश्याचा आशय स्थानिक मार्गदर्शकांनी सांगितला तोच आम्ही ग्राह्य धरला. ते वाक्य सर्वांना अतिशय आवडले. प्रती ठिकठिकाणी गेल्या असल्याने आता बदल शक्य नाही.'

खाली तो फुलस्केप. शाळेची रेघ, माझं वळणदार अक्षर. सात ओळींवर काट, एक शाबूत.

मग ही वही मागे उलटली. तेरा फेब्रुवारी. तेच वाक्य. वर लिहिलं आहे, 'असं वाक्य रोज सुचत नाही.'

संताप झाला असं लिहायला बसलो होतो. कुणावर लिहू? कर्णिकांनी चप्पल काढायला लावली, हे खरंच आहे, ते मी माफ करणार नाही. पण भूक त्यांनी नाही लिहिली. रामीबाई सांगत होत्या, "ते तं आमचं...", आणि मी हात जोडून म्हटलं, मला समजलं. हसणाऱ्या आईच्या फोटोखाली 'असहाय' लिहिणारा तो वार्ताहर काही वेगळं करून गेला नव्हता. त्यानंही आईला विचारलं नव्हतं. लाज वाटते आहे, सरळ लिहितो.

६ जानेवारी

पंचायत बसली. निंबाखाली दोन्ही तांड्यांची माणसं. गोविंदसिंग उभे राहून बोलले. "भेटीचं रडनं आपल्या मायबहिणीईचं हाये. ते यायनं कॅमेऱ्यापुढं रडलं, अन् भुकेचं म्हून रडलं. माह्या गँगमधले लोक मले विचारतात, तुह्या व्याह्याच्या घरी चूल पेटत नाही का? मी काय सांगू?"

हरिसिंग नायक खाली पाहत होते. मला वाटलं होतं ते मास्तरचं नाव घेतील. घेतलं नाही. कदाचित त्यांना तेव्हाही वाटत असेल की चूक मुंबईचीच.

मी कागद खिशातून काढला.  म्हणालो, "रामीबाई कॅमेऱ्यासाठी रडल्या नाहीत. कॅमेरा मी बोलावला. भूक मी लिहिली. त्यांनी सांगायचा प्रयत्न केला, मी ऐकलं नाही. हे माझं अक्षर." आणि वाक्य मोठ्यानं वाचलं. एवढं घाणेरडं वाक्य मी आयुष्यात वाचलं नाही.

 मग गोविंदसिंग म्हणाले, "मास्तर, तुमी लेकराईले शिकवता?"

मी कागदाची घडी घातली.

पंचांनी दंड ठरवला. पैशांचा नाही. हेमला बाबांनी सुचवला तो असा: हा तंबू या मुलखात जिथं जिथं लागेल आणि ही रीळ लागेल, तिथं मास्तरनं उठून तंबूला सांगायचं की हे खोटं आहे. जऊळक्याला गोविंदसिंगांच्या गँगची माणसं ऐकतील, तेव्हा सोयरिकीचं बोलू. तोवर गूळ तसाच.

मी मान्य केलं. न करून सांगतो कुणाला!

१२ जानेवारी

मेडशी, पहिली वेळ. वाक्य संपताच उभा राहिलो, "मंडळी, हे खोटं आहे..." मागून कुणीतरी, "ए, खाली बस!" शिट्ट्या. तंबूवाला धावत आला, पिऊन आलात का म्हणाला. सगळं बोलून संपेपर्यंत मुख्य चित्राची नावं सुरू झाली होती. कुणी ऐकलं असेल असं वाटत नाही.

१५ जानेवारी

दुसरी वेळ. आज तंबूवाल्यानं आधीच सांगून ठेवलं, "मास्तर उभे राहतीन, दोन मिनटं कळ काढा." लोकांना गंमत वाटते. कुणीतरी म्हणालं, "आले रे रडक्या बायाईचे वकील." वकील! आरोपीला वकील म्हणतात. राग आला आणि बरंही वाटलं.

२ फेब्रुवारी १९७५, रविवार

जऊळका. स्टेशनामागे तंबू. गेले तीन दिवस मी भाषण लिहीत होतो. या वेळी चार ओळींचं नाही, पूर्ण पान, सुरुवात बंजारा समाजाच्या रीतिरिवाजांपासून. झमकीचं लग्न या पानावर अवलंबून आहे असं मी मानत होतो.

नेमकी एसटी मालेगावच्या पुढे बंद पडली. उरलेला रस्ता चालत, मग धावत. तंबूपाशी पोचलो तेव्हा आतून ते रडणं ऐकू येत होतं, आणि मी तिकिटाच्या टेबलाजवळ असतानाच भारदस्त आवाज म्हणाला, 'इथल्या चुली थंड आहेत...' उशीर झाला, सगळं बुडालं, असं वाटलं. मी कनात उचलली.

तेवढ्यात बायांच्या बाजूनं रामीबाईंचा आवाज, पडद्यावरच्या रडण्याच्याही वर:

"भुकेनं नाही रे बाबूहो! माही बहीन आली व्हती!"

 आणि लगेच दुसरा आवाज, रुपाबाईंचा, "अन् बकरं कापलं व्हतं माह्यासाठी! मी दोन दिवस खाल्लं!"

सगळा तंबू हसला. मेडशीसारखं नाही. गँगमधला एक जाडा माणूस गोविंदसिंगांच्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "व्याहीबुवा, आमाले नाही बोलावलं त्या बकऱ्याले?" गोविंदसिंगही हसले. उजेडाच्या झोतात मी त्यांना पाहिलं. पडद्यावर दोघी अजून रडत होत्या आणि दोरीपलीकडे त्याच दोघी हसत होत्या.

मी आत शिरलो, खिशातून पान काढलं. गोविंदसिंगांनी हात धरून मला खाली बसवलं. "बसा मास्तर. झालं."

खरं सांगतो, क्षणभर मला रागच आला. तीन दिवसांची मेहनत खिशातच राहिली. खेळ संपल्यावर बाहेर रुपाबाईंनी गुळाचा खडा फोडला, सगळ्यांना वाटला, मलाही दिला. तारीख फाल्गुनातलीच ठरली. झमकीला सांगायला हवं, स्टेशनच्या क्वार्टरांत बत्ती आहे. आज डोळ्यांनी पाहिली.

तंबूवाला खुंटे उपटत होता. पुढचा मुक्काम कुठं, मी विचारलं. रिसोड, म्हणाला. तीच रीळ.

रिसोडला रामीबाई नसतील. तिथं आमच्या रिठदची माणसं येतात, आईबाबा येतात. मार्गदर्शकाचं पत्र मी ज्यांना दोनदा वाचून दाखवलं, त्यांच्यासमोर उठून सांगायचं आहे की दुसऱ्याच्या हसण्याखाली असहाय लिहिणारा तुमच्या घरातही एक आहे.

कर्णिकांनी परत पाठवलेला फुलस्केप पिशवीत घेतला आहे. तो ट्रंकेत ठेवायचा, आईच्या फोटोजवळ. उद्याची एसटी दुपारी दोनची आहे.